‘अंजनवेल’ बोटीवरचा पहारेकरी

गुरवकाका, पेटी जरा खाली घ्या. हां, एवढीच. तबलजी, तुम्ही पाय मोकळे करून या. पूर्वरंग झाला, नामाचा महिमा झाला, माझ्या गळ्याची परीक्षासुद्धा झाली — काठावर पास! आता आख्यान. मंडळी, ऐका!

पण आख्यानात शिरायच्या आधी तुमच्यापुढे एक प्रश्न ठेवतो. दिसायला सोपा आहे, पण शेवाळलेल्या पायरीसारखा आहे, पाय जपून टाका. माणसाच्या मनात कपट नाही, ओठांवर खोटं नाही, कुणाचं वाटोळं व्हावं अशी इच्छा तर स्वप्नातसुद्धा नाही. अशा सज्जन माणसाच्या हातून खोटं पसरेल का? आणि त्या खोट्यानं दुसऱ्याचं घर पोळेल का?

बघा, खांबाला टेकलेले ते आजोबा मान हलवताहेत — ‘छे, असं कसं होईल बुवा!’ आजोबा, माझंही मत तुमच्यासारखंच होतं. या गोष्टीनं ते बदललं. तुमचं बदलतंय का बघू!

आज पुराणातला राजा नाही, राक्षस नाही, वनवास नाही. आज आहे एक बोट. बोट पण कसली? जंगी बोट! तोफावाली! इंग्रजांच्या अमदानीतली, दुसऱ्या महायुद्धातली. नाव ‘अंजनवेल’. आता घरी जाऊन इतिहासाच्या पुस्तकात शोधू नका हं. आख्यानातली बोट आहे ती — आख्यानातच तरंगते आणि आख्यानातच बुडते!

त्या काळी आरमारात कोकणातली पोरं फार. घरात खाणारी तोंडं दहा आणि भात शिमग्यापर्यंतच पुरायचा. मिशी फुटायच्या आत पोरगा बोटीवर! तसाच रत्नागिरीकडच्या एका गावातून धोंडू भाटकर ‘अंजनवेल’वर गेला. काम कुठं? बोटीच्या पोटात, बॉयलरच्या खोलीत. भट्टीत कोळसा मारायचा, घाम पुसायचा, पुन्हा कोळसा मारायचा. वर आभाळ आहे की कुणी काढून नेलं, याचा पत्ता नाही!

एका पहाटे शत्रूच्या पाणबुडीनं टॉर्पेडो सोडला. टॉर्पेडो म्हणजे पाण्याखालून धावत येणारा बाण — दारूगोळ्यानं भरलेला. तो बोटीला लागला आणि बोट बघता बघता गेली. बहुतेक सगळे गेले. धोंडू शिडीपाशी होता म्हणून निसटला, फळकुटाला धरून तरंगला, दुसऱ्या बोटीनं उचलला. परत गावी आला. लग्न झालं, मुलं झाली, नातवंडं झाली. पण मंडळी, समुद्रातून बाहेर आलेला माणूस समुद्रातून बाहेर येतोच असं नाही. म्हातारा संध्याकाळी ओटीवर बसायचा आणि नातवाला सांगायचा, “बोट दुस्मानानं नाय बुडवलीन रे. झोपेनं बुडवलीन. वर टेहळणीवर गोविंद डोर्लेकर होता. त्याचा डोळा लागला.”

हा गोविंद कोण? खाडीपलीकडच्या वाडीतला. खारवी, पिढीजात मासेमारीवर जगणारा. बोटीबरोबर गेला तो गेलाच. त्याच्यामागे बायको, आणि रांगती मुलगी.

आणि गोष्ट ऐकणारा नातू कोण? तो आपला आजचा नायक — रमाकांत भाटकर! वीजखात्यात नोकरी केली, निवृत्त झाला. निवृत्त माणसाचं लक्ष दोन ठिकाणी असतं: आपल्या घरात काय शिजतंय, आणि शेजारच्या घरात काय शिजतंय! हसू नका, आरसा घरी प्रत्येकाच्या आहे. पण रमाकांत त्यातला नव्हता. त्याला वेगळंच वेड. इंटरनेटवर एक मुक्त ज्ञानकोश असतो, ठाऊक आहे? पोरं शाळेचा प्रकल्प त्यातून उतरवतात — तोच! तो कुणी एक पंडित लिहीत नाही. तुम्ही लिहा, मी लिहितो, चुकलं तर तिसरा सुधारतो. फुकट! मानधन नाही, नारळ नाही, शाल नाही. आम्हा कीर्तनकारांना निदान नारळ तरी मिळतो!

तर हा ज्ञानकोश नवीन होता तेव्हापासून रमाकांत त्यात लिहीत आलेला. नोकरीवरून यायचा, चहा घ्यायचा, लिहायचा. गावचं बंदर, दीपगृह, मासे, होड्यांचे प्रकार, जे सुचेल ते. आणि निवृत्त झाल्यावर त्यानं मोठं काम हातात घेतलं. ‘अंजनवेल’वर भला थोरला लेख! बोट कुठं बांधली, तोफा किती, कुणाच्या ताफ्यात होती, कशी बुडाली, कोण कोण गेलं. वर्षभर खपला. मनात एकच — आजोबाचं नाव जगात राहावं.

आणि त्यात एक योग जुळून आला. बोट बुडाली त्या तिथीला गावात दर वर्षी जेट्टीवर फुलं वाहतात. यंदा ग्रामपंचायतीनं ठरवलं, तिथं कायमचा दगड उभा करायचा, त्यावर बोटीची हकिगत कोरायची. मजकूर कुणाचा? रमाकांतचा! ज्ञानकोशातला लेख पक्का झाला की त्याचा गोषवारा पाथरवटाच्या हातात. आणि त्याच दिवशी ज्ञानकोशाच्या मुखपृष्ठावर तो लेख झळकायचा. दगडावर एकदा, जगावर एकदा. मंडळी, निवृत्त माणसाला आणखी काय हवं?

पण मुखपृष्ठावर लेख असा सरळ जात नाही! मुलगी बघायला गेलो म्हणजे लग्न झालं का? नाही. आधी समीक्षा. म्हणजे काय, तर लेख चारचौघांसमोर मांडायचा आणि म्हणायचं, या, बघा, चूक काढा. ओळखीचा नाही, पाळखीचा नाही, असा कुणीतरी येतो आणि तांदूळ निवडावेत तसा तुमचा लेख निवडतो. खडा दिसला की बाजूला. आणि प्रत्येक वाक्याला एकच सवाल — हे तुम्हाला कुणी सांगितलं?

रमाकांतच्या वाट्याला कोण आलं? तिथं लोक टोपणनावानं वावरतात. एकाचं नाव ‘सागरपुत्र’, एकाचं ‘मराठा गडी’. आणि जी व्यक्ती समीक्षेला आली तिचं टोपणनाव — ‘साळिंदर’! अंगभर काटे! नवे लेखक तिच्या नावानं दचकायचे. खरी कोण होती ती? मंदाकिनी गावंडे. राहणार अकोला. औषधाचं दुकान. गिऱ्हाईकानं गोळी मागितली की आधी चिठ्ठी बघणार, मग पाकिटावरची तारीख बघणार, मग गिऱ्हाईकाचं तोंड बघणार, आणि मग गोळी देणार! अशा बाईच्या हातात आपला रमाकांत सापडला.

पहिल्याच दिवशी शेरे! लेखाच्या वरच्या भागात बोटीची लांबी एक आणि खालच्या भागात दुसरी. मंदाताईंनी विचारलं, बोट पाण्यात फुगली का? रमाकांतला हसू आलं, त्यानं दुरुस्त केलं. मग म्हणाल्या, ‘शूर’, ‘धीरोदात्त’, ‘प्रातःस्मरणीय’ ही विशेषणं काढा. हार घालायचा तर घरी फोटोला घाला, ज्ञानकोशात फक्त काय घडलं ते सांगा. रमाकांतला जरा लागलं. पण काढली. एकेक विशेषण काढताना त्याला वाटे, आजोबाच्या छातीवरचं एकेक पदक उतरवतोय. तरी मनातून पटत होतं हो! लेख सडसडीत होत चालला होता. वाचताना आता अडखळायला होत नव्हतं.

आणि मग एका सकाळी त्या वाक्यावर बोट आलं. कुठल्या? ‘टेहळणीवरील खलाशी गोविंद डोर्लेकर यांचा डोळा लागल्याने टॉर्पेडो वेळीच दिसला नाही व बोट बुडाली.’ 

मंदाताईंनी लिहिलं, या वाक्याबद्दल खात्री वाटत नाही. एका माणसावर, नाव घेऊन, एवढ्या मरणांचा ठपका आहे. संदर्भ पुन्हा तपासावा.

रमाकांत चिडला. का चिडला? कारण इथं संदर्भ होता! एक सोडून दोन होते! जिल्ह्यातल्या एका वर्तमानपत्रात मागं बोटीवर पानभर लेख आला होता, त्यात हे छापलेलं. आणि गावच्या शाळेच्या स्मरणिकेत पुन्हा छापलेलं. दोन-दोन साक्षीदार उभे, आणि ही बाई म्हणते खात्री नाही! अकोल्यात समुद्र तरी आहे का? बोट कशी असते हे तरी पाहिलंय का हिनं? त्यानं चर्चेच्या पानावर, सगळ्यांसमोर, चार तिखट वाक्यं ठोकली. शेवटी लिहिलं, ‘ज्यांना पाण्याची खोली ठाऊक नाही त्यांनी काठावरून गप्पा मारू नयेत.’

आता मंदाताईंनी काय करावं? साळिंदरानं काय करावं? काटे फुलवावेत! आपण काय केलं असतं? नळावर भांडण झालं तर तीन पिढ्या उद्धरणारे आपण! पण मंडळी, इथं त्या बाईचं मोठेपण बघा. तिच्या हातात असं काही आलं होतं की चारचौघांत मांडलं असतं तर रमाकांतला तोंड लपवायला जागा उरली नसती. तिनं पानावर एक अक्षर लिहिलं नाही. निरोप पाठवून त्याचा फोन नंबर मागितला. आणि दुकान बंद करून दुपारी घरी जेवायला आल्यावर फोन लावला. लक्षात ठेवा, दोष सांगायचा तर कानात, गुण सांगायचा तर चौकात! आपण नेमकं उलटं करतो.

फोनवर आवाज अगदी मऊ. वऱ्हाडी बोली. आधी जेवण झालं का विचारलं, मग म्हणाल्या, भाऊ, लेख तुमचा फार चांगला आहे, म्हणूनच मी इतकी मागं लागली. फक्त एक करा, ज्यानं पेपरात लिहिलं त्याले विचारा, ही गोष्ट त्याले कुठं भेटली. त्या लेखातलं ते वाक्य मले कुठंतरी आधी वाचल्यासारखं वाटते.

रमाकांत म्हणाला, विचारतो की! त्यात काय! खुशीनंच म्हणाला, कारण आता बाई तोंडावर आपटणार याची त्याला खात्री. वर्तमानपत्रातला तो लेखक, नंदू साळवी, त्याच्या ओळखीचा. लगेच फोन केला. नंदू, तू ‘अंजनवेल’वर लिहिलंस ना, त्यात टेहळणीवाल्याचा डोळा लागला असं आहे, ते तुला कुणी सांगितलं?

नंदू हसला. “काका, मी कशाला शोधायला जातोय? तुमच्या त्या ज्ञानकोशातच होतं की. मी जसंच्या तसं उचललं.”

थांबा. थांबा मंडळी! नंदूनं लिहिलं ते ज्ञानकोशातून. शाळेच्या स्मरणिकेनं लिहिलं ते नंदूवरून. मग ज्ञानकोशात हे आधी कुणी लिहिलं होतं?

रमाकांतला आठवलं. फार वर्षांपूर्वी, ज्ञानकोश नवीन होता तेव्हा, पहिल्या उत्साहात त्यानं ‘अंजनवेल’वर पाच-सहा ओळी टाकल्या होत्या. संदर्भबिंदर तेव्हा कोण विचारत होतं! ओटीवर ऐकलेलं, जसं आठवलं तसं लिहिलं, आणि विसरून गेला. पण ज्ञानकोशात जुन्या नोंदी जपून राहतात, मंदाताईंच्या हाती तीच नोंद लागली होती. तेच वाक्य नंदूनं उचललं. नंदूकडून स्मरणिकेनं उचललं. आणि इतक्या वर्षांनी तेच वाक्य, शाई लावून, छापील होऊन, त्याच्यासमोर आलं तेव्हा रमाकांतला वाटलं — वा! दोन साक्षीदार मिळाले!

अहो, विहिरीत तोंड घालून ‘अरे’ म्हणायचं, खालून ‘अरे’ आलं की म्हणायचं बघा, विहिरीलाही पटलं! हसलात? हसा, हसा. रमाकांतला मात्र हसू येत नव्हतं. 

तरी माणूस लगेच हार मानतो का? मनाला एक खुंटी सापडतेच. त्यानं मंदाताईंना फोन केला. झालं ते प्रामाणिकपणे सांगितलं, हे त्याचं मोठेपण! म्हणाला, ताई, तुमचं बरोबर. दोन्ही साक्षीदार माझेच निघाले. पण मूळ साक्षीदार तर खरा ना? माझा आजोबा त्या बोटीवर होता. तो कधी खोटं बोलला नाही. कागदावर नसेल, पण गोष्ट खरी आहे.

मंदाताई म्हणाल्या, “भाऊ, तुमच्याच लेखात लिहिलं आहे, आजोबा बॉयलरच्या खोलीत होते. खालच्या खोलीतल्या माणसाले वरचा माणूस झोपला हे कसं दिसलं?”

मंडळी…

एवढा एकच प्रश्न. त्यात काटा नव्हता, टोमणा नव्हता. आणि रमाकांत? साठ वर्षं ओलांडलेला माणूस! लहानपणापासून ती गोष्ट ऐकली, सांगितली, लिहिली. आणि हा साधा प्रश्न त्याच्या मनात एकदाही आला नव्हता! का नाही आला? आजोबावर प्रेम होतं म्हणून. प्रेमाच्या माणसाला आपण उलट प्रश्न विचारत नाही, आणि तिथंच फसतो.

तो म्हणाला, म्हणजे माझा आजोबा खोटं बोलला? मंदाताईंनी त्याला सांभाळून घेतलं. म्हणाल्या, माझ्या दुकानात रोज माणसं येतात, घरातलं माणूस गेलं की कुणावर तरी बोट ठेवल्याशिवाय त्याईले चैन पडत नाही. डॉक्टरनं मारलं, रिक्षा उशिरा आली, गोळीच खोटी होती. खोटं नाही बोलत ते. दुःखाले बसायला जागा शोधतात. तुमच्या आजोबाचे सोबती एका क्षणात गेले. फळकुटावरच्या कुणीतरी काही म्हटलं असंल, ते त्याईनं धरून ठेवलं. त्याले खोटं नका म्हणू. पण ज्ञानकोशातही नका ठेवू.

आता काय होणार? वाक्य काढायचं म्हणजे नुसतं वाक्य काढायचं नव्हतं! लेखात ‘बोट का बुडाली’ या भागाचा कणाच तो. तो काढला की भाग नव्यानं लिहायचा, पुन्हा समीक्षा, म्हणजे मुखपृष्ठाचा दिवस गेला. वर्षाची मेहनत, आणि तिथी हुकणार! शिवाय गाव काय म्हणेल? धोंडू भाटकरचा नातूच म्हणतो की धोंडूनं सांगितलं ते खरं धरू नका! रमाकांत दोन दिवस कुणाशी धड बोलला नाही. मनात म्हणायचा, एक वाक्य! राहू दे की. कोण विचारतंय? त्या बाईला म्हणावं, कळलं, आणि दगडावर कोरून घ्यावं. दगडाला थोडीच समीक्षा असते!

खरं आहे हो. दगडाला समीक्षा नसते. दगडावर एकदा ‘झोपला’ कोरलं की तो माणूस कायमचा झोपलेला. उठवणार कोण त्याला? हा विचार रमाकांतच्या मनात आला आणि तो उठला. ज्ञानकोश उघडला. स्वतःच्या हातानं वाक्य काढलं. आणि चर्चेच्या पानावर, जिथं चार तिखट वाक्यं लिहिली होती त्याच्याच खाली, सगळ्यांसमोर लिहिलं: ‘साळिंदर यांचे म्हणणे योग्य आहे. या वाक्याचे दोन्ही संदर्भ माझ्याच जुन्या लिखाणावरून घेतलेले आहेत. लेख मुखपृष्ठासाठी तूर्त मागे घेतो.’

पंचायतीच्या कचेरीत दगडाची समिती बसली तेव्हा भडका उडाला. समितीचे अध्यक्ष विनायक शिवलकर, तापट माणूस. पाथरवट दारात बसलेला, आणि हा म्हणतो मजकूर बदला! शिवलकर म्हणाले, अख्ख्या गावाला माहीत असलेली गोष्ट आहे, पेपरात आलेली आहे, आता तूच म्हणतोस की धोंडूकाका खोटं बोलले? 

रमाकांत म्हणाला, “आजोबांनी ऐकलं ते सांगितलं. मी मात्र ते त्यांनी पाहिलं असं धरून लिहिलं. पेपरात आलंय ते माझंच आहे. खोटं म्हणायचं तर मला म्हणा.”

शिवलकरांनी कुरकुरत का होईना, मजकुरावर काट मारली. कागद रमाकांतच्या हाती दिला. म्हणाले, काय ते नीट लिहून आण बाबा, पण लवकर आण. 

आता मला सांगा, आख्यान इथं संपलं का? चूक झाली, चूक कळली, चूक काढली. झालं की! पण नाही. कारण ती चूक ज्या घरावर बसली होती त्या घरी अजून कुणी गेलंच नव्हतं. वर्षभर लेख लिहिला रमाकांतनं! तोफांची माहिती कुठून कुठून मागवली. पण गोविंद डोर्लेकरचं घर खाडीपलीकडे, होडीनं दोन बिड्यांचं अंतर, तिथं हा कधी गेला नाही. 

गोविंदची ती रांगती मुलगी, सुभद्रा. आता पंच्याऐंशीच्या घरात. नवरा वारला तशी माहेरच्या घरीच येऊन राहिलेली. जेट्टीवर दर वर्षी फुलं वाहायला अख्खा परिसर यायचा. ही कधी आली नाही. लोक म्हणायचे, म्हातारी तुसडी आहे.

रमाकांत दुपारी पोचला. म्हातारी ओटीवर भिंतीला पाठ लावून, ताठ बसलेली. त्यानं नाव सांगितलं. “धोंडूचा नातू ना तू?” एवढंच म्हणाली आणि बसायला पाट दाखवला. पाणी दिलं. गूळ दिला. दुष्मनाच्या नातवाला गूळ! 

रमाकांतनं सगळं सांगितलं. अडखळत सांगितलं, पण काही लपवलं नाही. आजोबा खाली होते, त्यांनी पाहिलं नव्हतं, मी लिहिलं, पेपरात गेलं, शाळेत गेलं, आता काढून टाकलं. म्हातारी ऐकत होती. मग ती बोलली. आवाज न चढवता बोलली.

“माजी आई दुपारची कदी आडवी झाली नाय. ताप असला तरी नाय. भिंतीला पाठ लावून बसायची, डोळे उगडे ठेवून. कोणी म्हणायला नको, निजणाऱ्याची बायको निजली. मलाही निजू देत नसे. पुडं मला सवयच लागली.”

मंडळी, काय बोलावं माणसानं? एक वाक्य! ओटीवर बोललेलं, साधं, कुणाचं वाईट न चिंतता बोललेलं वाक्य. आणि त्यानं दोन बायकांची उभ्या जन्माची दुपार खाल्ली. रमाकांतला रडू आलं. तो तिथंच, गुळाची वाटी हातात धरून, लहान पोरासारखा रडला. 

म्हातारीनं त्याला रडू दिलं. मग पुढं झुकून विचारलं, “मग आता लिवशील? माजा बापूस जागा होता म्हणून?”

बघा! किती लहान मागणं आहे! आणि रमाकांतच्या जिभेवर ‘हो’ आलं होतं. कुणाच्या जिभेवर येणार नाही? दोन अक्षरं लिहायची, म्हातारी सुखी, पाप धुतलं. पण मंडळी, ती गोष्ट तरी कुणी पाहिली होती? वर कोण होतं? जे वर होते ते सगळे समुद्राच्या तळाशी. झोपला म्हणायला साक्षीदार नाही, तसा जागा होता म्हणायलाही नाही! आज प्रेमानं एक लिहिलं, तर आजोबानं प्रेमानं सांगितलेल्यात आणि यात फरक काय राहिला? 

रमाकांतच्या आयुष्यातलं ते सगळ्यात अवघड वाक्य होतं. तो म्हणाला, “नाही लिहिता येणार, आत्ये. ते कुणालाच ठाऊक नाही. मला असं वाटतं की ते जागे होते. पण मला वाटतं ते लिहायचं नसतं.”

त्याला वाटलं, आता ऊठ म्हणेल. पण ती म्हणाली, मग काय लिवलंस ते वाच. त्यानं खिशातून दगडाचा मजकूर काढला. बोटीचं नाव होतं, तिथी होती, आणि मग गावोगावच्या गेलेल्यांची नावं. त्यात त्यानं वाचलं: “गोविंद सखाराम डोर्लेकर. बोट बुडाली तेव्हा टेहळणीवर होते. आपली जागा सोडून परत आले नाहीत.”

‘आपली जागा सोडून’ म्हणताना तो थबकला. मंदाताई आठवल्या! टेहळणीची पाळी आरमाराच्या कागदांत आहे, पण हे तरी कुणी पाहिलं? त्यानं पेन काढलं, तिच्यासमोर ते तीन शब्द खोडले, आणि पुन्हा वाचलं: “बोट बुडाली तेव्हा टेहळणीवर होते. परत आले नाहीत.”

म्हातारी म्हणाली, “आता खरं झालं. नाव परत वाच.”

त्यानं नाव परत वाचलं. तिनं ऐकलं. मग म्हणाली, होडी सुटायला वेळ आहे, तू बस, मी जरा पडते. आणि भिंतीची पाठ सोडून, पदर उशाशी घेऊन, भर दुपारी, परक्या माणसासमोर, ती ओटीवर आडवी झाली. रमाकांत हलला नाही. होडी गेली, दुसरी गेली, तरी तो तिथंच बसून राहिला. तिला झोप लागली होती.

…पेटी नको, गुरवकाका. राहू दे जरा.

लेख पुढं मुखपृष्ठावर गेला की नाही, ते तुम्ही विचारू नका. त्यानं काही अडत नाही. आता माझ्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर तुम्हीच द्या. खांबाजवळचे आजोबा, सांगा! सज्जनाच्या हातून खोटं पसरतं का? … हां. आता मान हलत नाही! पसरतं बरं! दुष्टाचं खोटं चार पावलं चालतं, कारण त्याच्यावर कुणाचा विश्वास नसतो. सज्जनाचं खोटं पिढ्यान्‌पिढ्या चालतं! 

आणि आपण कोण आहोत? आपण सगळे सज्जनच ना? मग ऐका. उद्या सकाळी कट्ट्यावर बसाल. कुणी म्हणेल, अमक्याची सून कुणाबरोबर तरी बोलताना दिसली. तमक्यानं पतसंस्थेत हात मारला. फलाण्याचा मुलगा परदेशात काय करतो, ठाऊक आहे का? मोबाईलवर कुणीतरी पाठवेल, तुम्ही अंगठ्यानं पुढं ढकलाल. मनात कपट नाही, ओठांवर खोटं नाही! तेव्हा तो अंगठा एक क्षण वर धरा, आणि स्वतःला त्या अकोल्याच्या बाईचा प्रश्न विचारा. मी तेव्हा वर होतो, की खालच्या खोलीत होतो? खालच्या खोलीत असाल, तर कोळसा मारा, वरच्याची साक्ष देऊ नका. आणि कुणी तुमची चूक कानात येऊन सांगितली, तर त्याला काटा म्हणू नका. तुमच्या पायातला काटा काढायला आला आहे तो.

आता एकदा सगळ्यांनी मोठ्यानं नाम घ्या, आणि घरी जा. जाताना ही गोष्ट कुणाला सांगावीशी वाटली तर जरूर सांगा. पण त्यानं विचारलं, हे तुला कुणी सांगितलं — तर खरं सांगा हं! म्हणा, बुवांनी सांगितलं. पण बुवा त्या बोटीवर नव्हते!